मूळ विभाग

३० सप्टेंबर २००० ला रात्री मी सरकारी नोकर म्हणून झोपलो. दूरसंचार विभागाचा लाईनमन. सकाळी उठलो तर सगळा कारभार भारत संचार निगमाकडे गेलेला. सायकल तीच, पक्कड तीच, कोंढ्याहून कोसऱ्याकडे जाणाऱ्या खांबावरची लोंबती तारही तीच. आईनं चुलीपुढून विचारलं, "मंग तू आता सरकारचा नाही राह्यला का?"

म्हटलं, सरकारचाच, निगमात डेप्युटेशनवर आहे.

"म्हंजे कोनाचा?"

पंचवीस वर्षं झाली, तिला नीट उत्तर दिलेलं नाही.

साधं डेप्युटेशन म्हणजे लेक सासरी जाण्यासारखं. देणारा, घेणारा आणि जाणारा, तिघांची संमती लागते. माहेरची जागा तिच्या नावावर राहते. त्याला कचेरीत सगळे 'लीन' म्हणतात, कागदावर धारणाधिकार. निगमाला नको झाला की माणूस मूळ विभागात परत. मला इथंच ठेवा, असा हट्ट त्याला धरता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २००० मध्येच कुणाल नंदा प्रकरणात सांगून टाकलं. आमचं तसं नव्हतं. आमचं माहेरच बिऱ्हाडासकट सासरी आलं होतं. आम्हाला कुणी विचारलं नाही, भत्ता नाही, परतायला घरही नाही. त्या अवस्थेला सरकारनं नाव दिलं 'मानीव प्रतिनियुक्ती'. या 'मानीव' शब्दावर एखाद्या नैयायिकानं आयुष्य काढलं असतं.

भीती पेन्शनची होती. शिवाय महामंडळाचा नोकर हा राज्यघटनेच्या कलम ३११ च्या छायेत येत नाही, हे हिंदुस्थान स्टीलच्या खटल्यापासून ठरलेलं. म्हणून सप्टेंबरात संप झाला. महिना संपता संपता पेन्शन नियमांत ३७-अ आला: दोन्हीकडची नोकरी एकत्र धरायची, पेन्शन सरकार देणार. त्यातलं एक कलम मी पुन्हा पुन्हा वाचलं आहे. सामावून घेतल्यानंतरच्या गैरवर्तनाबद्दल निगमानं काढून टाकलं, तरी आधीच्या सरकारी सेवेचं फळ बुडत नाही. आपल्या जुन्या दर्शनकारांना कृतहानीचा, म्हणजे केलेल्या कर्माचं फळ वाया जाण्याचा, मोठा धसका होता. तो धसका दिल्लीतल्या कुणा अवर सचिवालाही असावा.

विहारात वर्षावासाला मिलिंदपञ्ह वाचत होतो. राजा मिलिंद विचारतो, जन्मलेला आणि वाढलेला माणूस एकच की वेगळा? नागसेन रात्रभर जळणारा दिवा दाखवतो. पहिल्या प्रहराची ज्योत आणि शेवटच्या प्रहराची ज्योत तीच नाही, पण दुसरा दिवाही नाही. मला वाटलं, ही तर आमचीच अखंड सेवा! पुस्तक मिटून मी शेजारच्या गुरुजींना सांगितलं. ते म्हणाले, भंतेंना तुझ्या पेन्शनीत ओढू नको.

पण पुढं गाडी अडली. आमच्याकडून विकल्प भरून घेतले आणि बरेच महिने उलटल्यावर राष्ट्रपतींच्या नावानं आदेश हाती पडला: तुम्हाला निगमात कायम सामावून घेतलं आहे, १ ऑक्टोबर २००० पासून. म्हणजे मधल्या काळात मी मानीव प्रतिनियुक्तीवर होतो, आणि आदेश आल्यावर त्या काळात तसा कधी नव्हतोच. पावसात खांबावर चढलो तो सरकारी नोकर खाली उतरलाच नाही. कागदानं वरच्या वर बदलला. नागसेनाचा दिवा मागं जाऊन पहिल्या प्रहरातली ज्योत बदलत नाही. कर्मालाही मागं हात घालता येत नाही. कायद्याला येतो. मला हे अजून पचलेलं नाही, पगाराला काही धक्का लागला नसला तरी.

पवनीला जगन्नाथ टेकडीवर १९६९-७० मध्ये शां. भा. देव आणि ज. प. जोशी यांनी स्तूप खणून काढला. तिथल्या एका दगडावर बुद्धावर छाया धरणारा मुचरिंद नाग आहे. पाच फणा उभारलेल्या, आणि खाली आसन रिकामं. तो काळ बुद्धाची मूर्ती न घडवण्याचा. फोटो पाहिल्यापासून मला नागापेक्षा ते आसनच दिसतं. सरकारी भाषेत त्याला 'पद' म्हणतात. छाया असते ती पदावर. बसणारा कोण, हे दगडात कोरलेलं नसतं. आईचा 'कोनाचा' मात्र बसणाऱ्याबद्दल होता.

२०१९ च्या स्वेच्छानिवृत्तीत अठ्ठ्याहत्तर हजारांवर लोक उठले, त्यात मीही. ३१ जानेवारी २०२० हा शेवटचा दिवस. पक्कड तेवढी घरी आणली.

आता दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला काढायला सेवा केंद्रात जातो. पोरगा विचारतो, "काका, विभाग कोणता टाकू? दूरसंचार का बीएसएनएल?" पेन्शन कोण देतं ते सांगतो, तो टाकतो. मग अंगठा. तारेनं आणि पकडीनं घासून रेषा उरलेल्या नाहीत. यंत्र लाल दिवा दाखवतं. पोरगा कापडानं काच पुसतो.

"काका, दुसरं बोट लावून पाहा."