जाचहाटाची साक्ष

विवाहितेच्या जाचहाटाच्या खटल्यात सरकारी पक्षाचे साक्षीदार ठरलेलेच असतात: आई, बाप, भाऊ, एखादी मैत्रीण, फार तर सोयरीक जुळवणारा मध्यस्थ. उंबऱ्याआतल्या गुन्ह्याला दुसरं कोण मिळणार? सातारा-सांगलीत तर सासर कधी कधी परराज्यात असतं. खानापूर, आटपाडी, खटाव, माण भागातली सोन्याचांदीच्या गलाई व्यवसायातली कुटुंबं थेट तमिळनाडूपर्यंत पसरली आहेत. तिथल्या शेजारणीला या मुलीची भाषाही कळत नाही. माहेरी आसरा घेतलेल्या स्त्रीला तिथेच फिर्याद देता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये रूपाली देवी खटल्यात स्पष्ट केलं. त्यामुळे गुन्हा खानापूर तालुक्यातल्या विट्यात नोंदवता येतो, पण कोइमतूरचा शेजारी त्यामुळे विट्याच्या कोर्टात येत नाही. सगळा भार माहेरावर पडतो.

नातेवाईक म्हणजे हितसंबंधी साक्षीदार नव्हे, हे दलीपसिंग खटल्यात १९५३ सालीच सांगून झालं आहे. माहेरची साक्ष पडते ती बहुतेकदा नात्यामुळे नव्हे, तर ती उशिरा आली आणि वाढत गेली म्हणून. ती वाढते का, हे मात्र क्वचितच विचारलं जातं. मीना सेशू आणि वसंत भोसले यांनी १९९० साली सांगली जिल्ह्यावर जो अहवाल लिहिला, त्यात स्त्रियांचे मृत्यू आणि त्यांचं टाकलं जाणं हे दोन्ही विषय एकत्र घेतले होते. ही जोडी महत्त्वाची आहे. मुलगी टाकलेली म्हणून दारात बसेल या धास्तीनेच आईबाप तिची समजूत घालून तिला परत नांदायला पाठवतात. पुढे ती मरण पावली, की पोलिसांपुढे आईला सर्वांत जड जाते ती हीच गोष्ट. त्यात जबाब लिहिणाऱ्याची भाषा ठरीव, ‘शारीरिक व मानसिक छळ’ एवढ्यात सारं आटोपणारी. काही वर्षांनी साक्षीत आई मुलीचं कानातलं कसं काढून घेतलं ते सांगते, आणि उलटतपासात विचारलं जातं, हे जबाबात का नाही? कायद्यानुसार प्रत्येक वगळणूक ही विसंगती नसते, ती महत्त्वाची असावी लागते. पण महत्त्व ठरवताना जबाब कुणी आणि कसा लिहिला, हे पाहायला नको का?

बोलण्यातला साधेपणाही नडतो. महाराष्ट्रातल्याच आप्पासाहेब खटल्यात घरखर्चासाठी आणि खतासाठी पैसे मागितल्याचं साक्षीत आलं. ही हुंड्याची मागणी नव्हे, असं म्हणत २००७ मध्ये हुंडाबळीच्या आरोपातून सुटका झाली. शेतकऱ्याच्या घरात मागणी खताच्या नावानेच होणार, ‘हुंडा द्या’ असं कोण म्हणतं! २०२२ मध्ये जोगेंद्र खटल्यात घर बांधण्यासाठीची मागणी हुंडाच मानून न्यायालयाने हुंड्याच्या व्याख्येचा व्यापक अर्थ घेतला. त्याच वर्षी सुरेंद्रन खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने, पत्नीच्या मृत्यूचं कारण त्या खटल्यात प्रश्नास्पद असेल आणि तिने मरणापूर्वी सांगितलेलं त्या कारणाशी निगडित असेल, तर छळाच्या आरोपातही ते ग्राह्य धरता येईल, असं ठरवलं.

माहेरच्या साक्षीवरचा आक्षेप मात्र पोकळ नाही. बीडहून पुण्यात नांदायला गेलेल्या मंजुश्री सारडा हिचा १९८२ मध्ये मृत्यू झाला. १९८४ मध्ये तिच्या पतीची निर्दोष सुटका करताना सर्वोच्च न्यायालयाने तिची पत्रं पुराव्यात घेतली, पण जवळची माणसं दुःखाच्या भरात न ऐकलेलंही जोडतात, याकडे बोट दाखवलं. हे खरंच आहे. डिसेंबर २०२४ मध्ये दारा लक्ष्मीनारायण खटल्यातही नेमके आरोप नसताना सरसकट साऱ्या नातलगांना गोवण्यावर न्यायालयाने ताशेरे ओढले. दूर राहणाऱ्या नणंदेचं नाव फिर्यादीत घालण्याची सवय शेवटी सासूवरच्या खऱ्या आरोपालाही मातीत घालते. पण एक गोष्ट खोटी म्हणून सगळंच खोटं, हे तत्त्व आपली न्यायालयं मानत नाहीत. म्हणजे प्रत्येक आरोपीपुरती साक्ष वेगळी निवडावी लागते, आणि निवडायला तारखा लागतात: बँकेतून काढलेली रक्कम, सोनाराची पावती, मोबाइलवरचे संदेश, दवाखान्याचा कागद. उशिरा सांगितलेला तपशील अशा जुन्या नोंदीशी जुळला तर तो सुधारून सांगितला म्हणून टाकता येत नाही; जुळला नाही तर आईच्या अश्रूंवर कुणाला तुरुंगात धाडू नये.

गावच्या बैठकीतल्या समझोत्याच्या कागदाचं मात्र वेगळं आहे. त्यावर ‘किरकोळ घरगुती वाद’ लिहून बापाची सही घेतली जाते, आणि पुढे बचाव पक्ष तोच कागद मागणी नव्हतीच म्हणून पुढे करतो. तो कागद का झाला, मुलीला परत का पाठवलं, हे सरकारी वकिलाने सरतपासातच आईबापांना विचारून घ्यायला हवं. उलटतपासाची वाट पाहिली, तर तेच उत्तर सारवासारव वाटतं.