वाघ दिसला का?

मेळघाटातल्या सेमाडोहहून परतलेल्या माणसाला पहिला प्रश्न ठरलेला असतो: वाघ दिसला का? नाही म्हटलं की विचारणाऱ्याचं लक्ष उडतं. सिपना नदीच्या काठाने, सागाच्या मोठाल्या पानांतून झिरपणाऱ्या उन्हात जे काही पाहिलं त्याची मोजदाद होतच नाही. अमूर्त चित्रपटाच्या वाट्यालाही हेच येतं. तिथे विचारतात, गोष्ट काय होती?

चित्रकार अकबर पदमसी यांनी नेहरू फेलोशिपच्या पैशातून मुंबईत ‘व्हिजन एक्सचेंज वर्कशॉप’ उभं केलं आणि १९७०च्या सुमारास ‘सिझिजी’ हा मूकपट केला. अ‍ॅनिमेशन राम मोहन यांचं. हजाराच्या आसपास रेखाटनं, साधारण ११ मिनिटं. पडद्यावर फक्त बिंदू आणि रेषा, त्यांचं जुळणं आणि सुटणं. नाव द्यायला काही सापडेना की डोळा आधी बेचैन होतो, मग स्वतःच कामाला लागतो; दोन बिंदूंत नातं जोडतो, थांबलेल्या रेषेला दिशा देतो. हे तो प्रत्येक चित्रपटात करतोच. सेकंदाला २४ स्थिर चित्रं येतात, हालचाल आपण घडवतो. गोष्टीच्या ओघात हे श्रम ध्यानात येत नाहीत, इतकंच.

चितळासाठी हेच श्रम म्हणजे जिवाशी गाठ. त्याच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या शंकुपेशी दोनच प्रकारच्या, आपल्या तीन. आपल्या डोळ्यांत भरणारा वाघाचा नारिंगी रंग त्याला गवतासारखाच हिरवट भासतो. उरतात काळे पट्टे. वाघ हलेपर्यंत चितळासमोर नुसत्या रेषा असतात.

डोळे मिटले तरी हे काम थांबत नाही. १९५८ मध्ये फ्रान्समध्ये बसने जाताना झाडांच्या रांगेतून लुकलुकणारं ऊन मिटल्या पापण्यांवर पडलं आणि ब्रायन गायसिन या चित्रकाराला रंगीत आकृत्या दिसू लागल्या. पुढे त्याने दिव्याभोवती फिरणारं, झरोके कापलेलं नळकांडं केलं, तेच ‘ड्रीममशीन’. घटांगहून सेमाडोहकडे उतरताना सागाच्या खोडांमधून तसंच ऊन येतं. खिडकीशी बसलेल्याने डोळे मिटून पाहावं. (फिट येण्याचा त्रास असलेल्यांनी मात्र नको.)

पदमसींच्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या दुसऱ्या चित्रपटाची प्रत हरवली. ‘सिझिजी’ सुदैवाने उरली आहे. ती सेमाडोहच्या पर्यटक संकुलात, सफारीच्या आदल्या रात्री दाखवावी असं मला मनापासून वाटतं. सकाळी जिप्सीत बसणाऱ्यांनी निदान ११ मिनिटं तरी काहीही न शोधता पाहिलेलं असेल.