होकाराची चौकशी

एकाने आपली किडनी दुसऱ्याला द्यायची, तर त्यात समितीचं काय काम? रुग्णाच्या घरचे हे त्राग्याने विचारतात, आणि त्यांचा त्रागा रास्तच असतो. आठवड्यातून दोन-तीनदा डायलिसिसला जाणाऱ्या माणसाला फाइलीची चाल परवडत नाही. तरीही ही परवानगी हवीच, असं मला वाटतं. माझी तक्रार वेगळी आहे. परवानगी देणारे जे विचारतात, त्यात दात्याच्या मनाचा प्रश्न शेवटी येतो.

सुरुवातीला तो पहिला होता. डिसेंबर 1954 मध्ये बॉस्टनला डॉ. जोसेफ मरे यांनी एका जुळ्या भावाची किडनी दुसऱ्याला बसवली आणि ती चालली. निरोगी माणसाला, त्याच्या शरीराला काडीचाही फायदा नसताना, टेबलावर घ्यायचं, हे वैद्यकाच्या जुन्या नीतीत बसत नव्हतं. पुढे कायद्याने अज्ञान ठरणारी जुळी भावंडं आली, तेव्हा निर्णयाचा भार डॉक्टरांना एकट्याने पेलेना. 1957 मध्ये प्रकरण मॅसॅच्युसेट्सच्या न्यायालयात गेलं. तिथे परवानगी मिळाली ती अशा विचाराने, की भाऊ गेला तर मागे राहणाऱ्याच्या मनावर मोठा घाव बसेल, आणि तो टळणं हे दात्याच्याही हिताचं आहे. हा युक्तिवाद ताणलेला वाटू शकतो. पण बाहेरच्या कुणीतरी दात्याच्या बाजूने उभं राहून विचार करायचा, ही गोष्ट त्यात ठामपणे आली. पैशाचा तिथे संबंधच नव्हता.

पैसा ऐंशीच्या दशकात आला. सायक्लोस्पोरिनसारख्या औषधामुळे रक्ताचं नातं नसलेल्याची किडनीही टिकू लागली आणि गरिबाच्या शरीराला बाजारभाव आला. आखातातले रुग्ण मुंबईत येऊन किडनी विकत घेत. चेन्नईच्या विल्लीवाक्कमला लोक ‘किडनीवाक्कम’ म्हणू लागले. लंडनमध्ये तुर्कस्तानातून आणलेल्या माणसांच्या किडन्या विकत घेतल्याचं उघड झालं आणि ब्रिटनने 1989 मध्ये घाईने कायदा केला. आपल्याकडे महाराष्ट्र, गोवा आणि हिमाचल प्रदेश या तीन राज्यांच्या विधिमंडळांनी ठराव केले, म्हणून संसदेला 1994 चा मानवी अवयव प्रत्यारोपण कायदा करता आला.

दोन्ही कायद्यांनी समाजाचे दोन भाग केले, आपले आणि परके. परक्याने द्यायचं तर खास मंजुरी घ्यायची. मात्र ब्रिटनने ‘आपलं’ ठरवताना फक्त रक्त पाहिलं, त्यामुळे तिथे नवरा-बायकोलाही मंजुरी घ्यावी लागे. आपण आई-वडील, मुलं, भावंडं यांच्या पंगतीत पती-पत्नीलाही बसवलं. 2011 च्या दुरुस्तीने आजी-आजोबा आणि नातवंडंही त्यात आली. इतर कुणी द्यायचं, तर ‘आपुलकी किंवा जिव्हाळा’ हे कारण समितीला पटवून द्यावं लागतं.

जिव्हाळा पटवायचा कसा? 2014 च्या नियमांत त्याची सगळी तजवीज आहे. दोघांचे एकत्र असलेले जुने फोटो. ओळख कशी झाली, याचा खुलासा. मागच्या तीन वर्षांच्या उत्पन्नाचे दाखले, म्हणजे देणारा फाटका आणि घेणारा गबर आहे का, हे दिसावं. मध्ये कुणी दलाल नाही ना, याची खात्री. मुलाखतीचं चित्रीकरण. बाजाराच्या अनुभवातून आलेली ही खबरदारी आहे आणि तिच्यातलं एकही कलम मला फालतू वाटत नाही.

पण दलालांनी वाट काढली ती नात्यातूनच. नातं जवळचं असलं की तपासणी रुग्णालयातच, सौम्यपणे होते, म्हणून मग खोटी नाती तयार झाली. 2022 मध्ये पुण्यात कोल्हापूरच्या एका महिलेने तक्रार केली, की 15 लाखांचं आमिष दाखवून तिला रुग्णाची पत्नी म्हणून उभं केलं गेलं आणि ठरलेले पैसे मिळालेच नाहीत. ज्या नात्याला कायद्याने निर्धोक मानलं, तेच नातं कागदावर बनवून घेतलं गेलं.

खऱ्या नात्यांकडे तर कुणी पाहतच नाही. आपल्या देशात जिवंतपणी अवयव देणाऱ्यांत सुमारे दोन तृतीयांश बायका आहेत, आणि घेणाऱ्यांत पुरुष फार जास्त. यातल्या कितीतरी जणींनी मनापासून दिलं असेल. पण घरातली मंडळी एकत्र बसतात, कमावत्याला कसं कापायचं असं कुणीतरी म्हणतं, आणि सगळ्यांच्या नजरा सुनेकडे किंवा आईकडे वळतात, तेव्हा तिच्या तोंडून निघालेल्या ‘हो’ला काय म्हणायचं? तिथे दलाल नाही, पैसा नाही, कागद चोख आहेत. उलटही घडतं. 2022 मध्येच दिल्लीत एका विवाहितेला वडिलांना किडनी द्यायची होती, आणि रुग्णालय नवऱ्याचं ना हरकत पत्र मागत होतं. उच्च न्यायालयाला सांगावं लागलं, की तिच्या शरीरावर नवऱ्याचा असा अधिकार नाही.

ब्रिटनने 2006 पासून आपले-परके हा भेदच मोडला. आता प्रत्येक जिवंत दाता, सख्खी आई असली तरी, उपचार करणाऱ्या चमूबाहेरच्या एका स्वतंत्र व्यक्तीला भेटतो. ही व्यक्ती दात्याशी एकट्याने बोलते, रुग्णाशी वेगळं बोलते आणि दोघांशी एकत्रही.

आपल्या 2014 च्या नियमांतही या दिशेचं एक कलम आहे. दाता स्त्री असेल तर तिची ओळख आणि तिची स्वतंत्र संमती जास्त काळजीने, रुग्णाव्यतिरिक्त दुसऱ्या कुणाकडून पडताळावी, असं ते सांगतं. ते पाळायचं तर सही घेऊन भागणार नाही. तिला सासर-माहेरच्या माणसांपासून दूर, दार लावून बसवावं लागेल, तिच्या भाषेत बोलावं लागेल. आणि ती ‘नको’ म्हणाली, तर तपासण्यांत दाता म्हणून बसत नाही, एवढंच घरच्यांना सांगावं लागेल. समजूतदार डॉक्टर हे गुपचूप करत आले आहेत. मला ते नियमात लिहिलेलं हवं आहे, पुरुष दात्यासाठीसुद्धा.