नाव राजाचं, तेल घाण्याचं

'अकबरनामा' लिहिणारा अबुल फजल काही काळ जालन्यात राहिला होता, असं जुनं गॅझेटियर सांगतं. १५९९ मध्ये तो दख्खनच्या मोहिमेवर आला. अकबराच्या दरबारात इतका जवळचा माणूस राजधानीपासून लांब पाठवला गेला, यात त्याच्या हितशत्रूंचा हात होता. १६०२ मध्ये बादशहानं परत बोलावलं, पण आग्रा गाठण्याआधीच ग्वाल्हेरजवळ आंतरी इथं वीरसिंहदेव बुंदेल्यानं त्याला मारलं. मारायला लावलं शाहजादा सलीमनं. पुढं जहांगीर म्हणून तख्तावर बसल्यावर त्यानं आत्मचरित्रात ही गोष्ट लपवलीही नाही.

माझ्या मते खरी गंमत यानंतरची आहे. १६०५ मध्ये वीरसिंहाला बक्षिसीदाखल ओर्छाची गादी मिळाली आणि दोनच वर्षांत केशवदासाचं 'वीरसिंहदेवचरित' तयार झालं. अबुल फजलचा वध त्यात आहे. हाच केशवदास आधी वीरसिंहाचा भाऊ इंद्रजितसिंह याच्या पदरी होता. १६०१ ची 'कविप्रिया' त्या काळातली. गादी फिरली तसा कवीही फिरला. म्हणजे एका दरबारी लेखकाचा खून झाला आणि तो खून दुसऱ्या दरबारी लेखकाच्या पोटापाण्याचा विषय झाला. केशवदासाला नावं ठेवण्यात अर्थ नाही. ब्रजभाषेत त्याच्या तोडीचे कवी थोडे, आणि ओर्छात राहायचं तर आणखी कुणाचं मीठ खाणार होता तो?

राजाश्रयाबद्दल आपण बोलतो तेव्हा राजा देतो आणि कलावंत घेतो, एवढंच चित्र डोळ्यांपुढं असतं. राजाकडे पैसा कुठून आला, हे सहसा कुणी विचारत नाही. त्याचं उत्तर एका दगडावर कोरलेलं आहे. चाळीसगावजवळच्या पाटण गावी भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानं आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला. चांगदेव यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी होता. मठाला आश्रय दिला यादवांचे मांडलिक असलेल्या निकुंभांनी. १२०७ च्या सुमाराच्या या शिलालेखात राजवंशाची आणि भास्कराचार्यांच्या घराण्याची थोरवी आहे ती संस्कृतात. शेवटी मात्र भाषा बदलते. मठाला रोजच्या रोज काय मिळायचं, बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर किती, चालत्या घाण्यामागे पळी-पळी तेल किती, हा हिशेब मराठीत आहे. मराठीच्या जुन्या नमुन्यांत या ओळी आपण मोठ्या कौतुकानं दाखवतो. त्या खरं तर वर्गणीची पावती आहेत. भास्कराचार्यांच्या 'सिद्धान्तशिरोमणी'चं गणित ज्या दिव्याखाली शिकवलं गेलं, त्यातलं तेल तेल्याचं होतं. थोरवी मात्र त्याची कोरली गेली नाही.

यादवांच्या देवगिरीच्या दरबारात हाच व्यवहार मोठ्या प्रमाणावर चालला. सिंघणाच्या काळात काश्मीरहून आलेल्या घराण्यातला शार्ङ्गदेव हिशेबखात्याचा अधिकारी होता आणि त्याच काळात त्यानं 'संगीतरत्नाकर' लिहिला. महादेव आणि रामचंद्र या राजांचा मंत्री हेमाद्री यानं 'चतुर्वर्गचिंतामणि' रचला, आणि त्यातल्या व्रतखंडाला यादवांची प्रशस्ती जोडली. व्रतवैकल्यांच्या ग्रंथात राजवंशाचं काय काम, असं कुणी विचारलं नसेल. आज यादवांचा इतिहास लिहिणाऱ्याला ती प्रशस्ती टाळून पुढं जाता येत नाही, म्हणजे गुंतवणूक वाया गेली नाही.

फ्लॉरेन्समध्ये दोनशे वर्षांनंतर हेच रंगांत झालं. गास्पारे देल लामा नावाच्या सराफी करणाऱ्या एका माणसानं आपल्या चॅपेलसाठी बोत्तिचेल्लीकडून बाळ येशूच्या दर्शनाला आलेल्या राजांचं चित्र काढून घेतलं. चित्रात त्या राजांना चेहरे आहेत मेदिची घराण्यातल्या पुरुषांचे. पैसे सराफाचे, देव्हारा सराफाचा, चेहरे सत्ताधाऱ्यांचे. सराफ स्वतः गर्दीत एका बाजूला उभा आहे. बिचाऱ्या पाटणच्या तेल्याला तेवढीही जागा मिळाली नाही.

हा व्यवहार नाकारणाराही एक माणूस आपल्याकडे निघाला. महानुभावांच्या 'स्मृतिस्थळा'त गोष्ट आहे. कवी नरेंद्रानं रामदेवरायाच्या, म्हणजे त्याच रामचंद्र यादवाच्या, सभेत आपलं 'रुक्मिणीस्वयंवर' वाचलं. राजा इतका खूश झाला, की ओवीमागे सोन्याचं नाणं देतो, ग्रंथ माझ्या नावावर कर, म्हणाला. आपल्या कविकुळाला बोल लागेल, असं सांगून नरेंद्रानं नकार दिला. पुढं तो नागदेवाचार्यांकडे जाऊन महानुभाव झाला. 'स्मृतिस्थळ' पंथाचाच ग्रंथ, त्यामुळे राजाला नाही म्हणणारा कवी त्याला आवडणारच. गोष्ट थोडी घासूनपुसून घेतलेली असू शकते. तरी मला त्यातला तपशील खरा वाटतो. राजानं काव्य बदलायला सांगितलं नाही की स्तुतीही मागितली नाही, मागितलं ते फक्त नाव. पैसे लोकांचे आणि नाव राजाचं, हे जुळवून द्यायचं काम कवीकडे असे, आणि नरेंद्रानं नेमकं तेवढंच केलं नाही.

पण नकार दिल्यावर खायचं काय? अबुल फजल मेल्यानंतर सहा वर्षांनी, १६०८ मध्ये, याच जालना जिल्ह्यातल्या जांब गावी समर्थ रामदास जन्मले. त्यांच्या 'दासबोधा'च्या चौदाव्या दशकात दुसरा समास भिक्षेवर आहे आणि लगेच तिसरा कवित्वावर. हा शेजार योगायोगाचा असेल असं मला वाटत नाही. पोटासाठी माणसांची स्तुती करणाऱ्या कवितेला तिसऱ्या समासात त्यांनी खालच्या पायरीवर बसवलं आहे, आणि पोटाची सोय आदल्या समासात सांगून ठेवली आहे: घरोघर थोडं-थोडं मागा. देणारे पुष्कळ असले की कुणा एकाचं नाव घालावं लागत नाही. पाटणच्या घाण्यावरची पळी इथं राजाला वगळून थेट मठात येते.

तरी समर्थांच्या नावावर शिवरायांच्या गौरवाचं प्रसिद्ध पत्र आहेच. समर्थांच्या चाफळला इनामं देणारी शिवरायांची १६७८ ची सनदही आहे. तिच्या अस्सलपणावर अभ्यासकांनी बरीच शाई खर्च केली आहे. नरस्तुती नको म्हणणाऱ्याच्या परंपरेलाही राजाचा शिक्का हवासा वाटतो, हे त्या वादातून दिसतं, सनद खरी ठरो की खोटी.

आता हा लेख ज्या अंकात तुम्ही वाचत आहात, त्याचंच बघा. १९०९ मध्ये 'मासिक मनोरंजन'नं दिवाळी अंकाची प्रथा पाडली. दिवाळी अंक चालतो तो मुख्यतः जाहिरातींवर: पतसंस्था, बियाणं कंपन्या, लोखंडी सळ्यांचे कारखाने, सराफ. जालन्यात यांची कमतरता नाही. या मंडळींचं एक मला आवडतं. ते आपलं नाव स्वतंत्र पानावर, पैसे मोजून, फोटोसकट छापून घेतात आणि कथा-कवितेत डोकावत नाहीत. रामदेवरायाला ही सोय सुचली असती, तर नरेंद्राचं मानधन बुडालं नसतं. अलीकडे मात्र कथास्पर्धेला प्रायोजकाचं नाव लागतं, आणि बक्षीस घेताना लेखक व्यासपीठावर त्याच नावाच्या फलकाखाली उभा राहतो. फोटोत कुणी कुठं उभं राहायचं, हे आयोजक आधी ठरवून ठेवतात.