तिसऱ्याचा वाटा : लोकान्तर-व्यापाराची नीती

दोन लोकांमधील व्यापार हे अद्भुतकथेचे फार जुने आशयसूत्र आहे. माणूस आपल्या जगातून निघतो, यक्षांच्या, नागांच्या वा विद्याधरांच्या जगात पोहोचतो आणि तेथील दुर्लभ वस्तू घेऊन परततो. अशा कथा इच्छापूर्तीच्या कथा म्हणून सहज बाजूला ठेवता येतात. परंतु विनिमय आला की न्यायाचा प्रश्नही येतो. ज्या दोन जगांचे चलन एक नाही, त्यांच्यातील व्यवहार रास्त की अन्याय्य हे कोणत्या मापाने ठरवायचे?

मुंबईच्या उत्तर उपनगरांच्या परिसरात या प्रश्नाची दोन उत्तरे एकमेकांच्या जवळच आढळतात. वसईच्या खाडीपलीकडील सोपारा, म्हणजे प्राचीन शूर्पारक, ही ‘दिव्यावदान’ या संस्कृत बौद्ध कथासंग्रहातील पूर्णावदानाची भूमी. खाडीच्या अलीकडे, बोरिवलीच्या डोंगरातील कान्हेरीच्या लेण्यांत सोपारा, कल्याण येथील व्यापाऱ्यांच्या दानांचे लेख कोरलेले आहेत. एक संहिता कथेची, दुसरी दस्तऐवजाची; पण दोहोंचा विषय इहलोक आणि त्यापलीकडचे जग यांतील देवघेव हाच आहे.

पूर्ण हा शूर्पारकातील एका धनिकाचा दासीपासून झालेला पुत्र. पित्याच्या मृत्यूनंतर भाऊ संपत्तीची वाटणी करतात तेव्हा त्याला वाटा मिळत नाही. उलट तोच वाटणीतील एक वस्तू ठरतो आणि थोरल्या भावाच्या हिश्शाला जातो. पुढे थंडीने कुडकुडणाऱ्या एका मोळीवाल्याकडून तो लाकूड विकत घेतो. त्या मोळीत गोशीर्ष चंदन असते. राजाला दाहज्वर होतो आणि त्यावर उपाय म्हणून हेच चंदन लागते. पूर्णाचे भाग्य उघडते. समुद्रसफरी करून तो विरक्त होतो. त्यानंतर थोरला भाऊ व्यापाऱ्यांसह चंदनवनाच्या बेटावर पोहोचतो आणि कुऱ्हाडी चालू लागतात. ते वन महेश्वर नावाच्या यक्षाचे असते. यक्ष वादळ उठवतो, भाऊ पूर्णाचा धावा करतो आणि पूर्ण ऋद्धिबलाने तेथे प्रकट होतो.

या प्रसंगाचे नैतिक मर्म सुटकेत नसून त्यानंतरच्या संवादात आहे. आपण हे चंदन चक्रवर्ती राजासाठी राखून ठेवले होते, असे यक्ष सांगतो. चक्रवर्ती श्रेष्ठ की बुद्ध, असा प्रतिप्रश्न पूर्ण करतो. बुद्ध जगात अवतरल्याचे कळताच यक्ष आपला हक्क सोडतो. त्या चंदनातून शूर्पारकात बुद्धासाठी प्रासाद उभा राहतो. अर्थात ही संमती कथेने आपल्या सोयीने मिळवलेली आहे, आणि तीही वन तोडून झाल्यावर, असा आक्षेप घेता येईल. तो खराच आहे. मात्र या कथेत मालकाला नाव आहे, क्रोध आहे, वाणी आहे. त्याचे समाधान झाल्याशिवाय जहाज पुढे सरकत नाही.

कान्हेरीतील व्यवहार याहून शांत आहे. तेथील दानलेखांत वारंवार येणारी संज्ञा ‘अक्षयनीवी’ ही होय : मुद्दल कायम ठेवायचे आणि त्याच्या व्याजातून भिक्षूंची वस्त्रे वा अन्य गरजा भागवायच्या. नवव्या शतकात गौड देशातून आलेल्या अविघ्नाकर या उपासकाने अशी १०० द्रम्मांची ठेव येथे ठेवली. दात्याला पुण्य आणि संघाला उपजीविका मिळते, मुद्दलही खर्ची पडत नाही. यक्षाच्या वनावर कुऱ्हाड चालवणाऱ्या व्यापाराशी तुलना करता हा लोकान्तर-व्यापार निर्दोष भासतो.

परंतु व्याज येते कोठून? काही लेखांत दानवस्तू म्हणजे गावातील शेत आहे. अशाच एका लेखातील गाव म्हणजे आजचे बोरिवलीतील मागाठाणे, असे अभ्यासकांनी मानले आहे. शेत दिले जाते, उत्पन्न संघाकडे जाते, पुण्य दात्याकडे आणि त्याच्या मातापित्यांकडे. शेत कसणारा मात्र या वाक्यरचनेत कर्ता नाही, कर्मही नाही.

मार्सेल मोस यांनी १९२५ च्या आपल्या प्रसिद्ध निबंधात देणे, घेणे आणि परत करणे ही भेटीची तीन बंधने मांडली. तेथे उद्धृत केलेल्या माओरी निवेदनात वस्तू दुसऱ्याकडून तिसऱ्याकडे जाते. या तिसऱ्या माणसाची गरज काय, असा प्रश्न मार्शल साहलिन्स यांनी १९७२ मध्ये उपस्थित केला. त्यांच्या मते, वस्तूची वाढ तिसऱ्याच्या हाती घडल्याखेरीज ती वाढ मूळ दात्याला परत देण्याचे तत्त्वच दिसू शकत नाही. कान्हेरीत हे स्थान शेतकऱ्याचे आहे. वाढ त्याच्या हाती होते. परतफेडीचा हिशेब मात्र इतर दोघांत मिटतो.

दानलेखाचे प्रयोजन कायदेशीर. त्याने शेतकऱ्याची कैफियत मांडावी ही अपेक्षा अप्रस्तुत, असे म्हटले जाईल. ते मान्य करूनही फरक उरतोच. दस्तऐवज आपल्या प्रकारधर्मामुळे व्यवहाराला दोनच पक्ष असतात असे भासवतो. अद्भुतकथेला तशी मुभा नाही. दुसरे जग निर्माण केले की त्यात कोणी राहतो हे तिला मान्य करावे लागते. आणि जो राहतो त्याचे काही जाते, हेही. जो स्वतः कधी वाटणीतील वस्तू होता, त्याच्याच तोंडून ही कथा यक्षाशी बोलते, हे म्हणूनच अर्थपूर्ण आहे.

लोकान्तर-व्यापाराच्या कथेची परीक्षा मग तिच्यातील वस्तूंच्या नवलाईवरून करता येणार नाही. सौदा ठरत असताना वनाच्या मालकाला बोलू दिले जाते की नाही, हा तिचा निकष होय. पूर्णावदान या कसोटीला अर्धेच उतरते, कारण त्यात यक्ष बोलतो तो वृक्ष पडल्यावर. कान्हेरीच्या लेखात मात्र मागाठाण्याच्या शेतकऱ्याला तेवढीही जागा नाही.