न पकडलेला मासा कोणाचा?



कोणाच्या टोपलीतला मासा उचलून नेला तर ती चोरी, हे लहान मूलही सांगेल. पण नदीतला, अजून जाळ्यात न आलेला मासा मेला, तर कोणाचे काय गेले?

आपल्या चंद्रपुरात हा प्रश्न पुस्तकी नाही. झरपट शहराचे सांडपाणी घेऊन इरईला मिळते. इरईकाठच्या कोळसा खाणींच्या ढिगाऱ्यांची माती पावसात पात्रात उतरते. इरई वर्धेला मिळते आणि वर्धा पुढे चपराळ्याजवळ वैनगंगेला भेटून प्राणहिता होते. २००९ साली केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या यादीत चंद्रपूर देशातील अतिप्रदूषित औद्योगिक क्षेत्रांत चौथे होते. सांडपाणी कुजताना पाण्यातील प्राणवायू संपतो. तळाशी गाळ बसला की माशांची अंडी गुदमरतात. या नद्यांवर पिढ्यान्‌पिढ्या जगलेल्या ढिवर, भोई कुटुंबांतील कितीतरी माणसे आज मजुरीला जातात.

जमीन गेली तर शेतकरी सातबारा दाखवून मोबदला मागतो. नदीचा सातबारा ढिवराच्या नावे नसतो.

तेराव्या शतकात संत थॉमस अक्विनास यांनी असाच एक प्रश्न हाताळला. शेतात पेरलेले बी कोणी उकरून टाकले, तर त्याने काय भरून द्यावे? पूर्ण पिकाची किंमत नव्हे, कारण पीक अजून हाती आले नव्हते. पण म्हणून तो मोकळा सुटत नाही. माणूस व परिस्थिती पाहून काही भरपाई देणे त्याला बंधनकारक आहे. माशांच्या पिलांना आपणही मत्स्यबीजच म्हणतो.

कोणी म्हणेल, शेत शेतकऱ्याने पेरले, नदी ढिवराने कुठे पेरली? खरे आहे. नदी देवाने सर्वांसाठी पेरली. म्हणूनच ती नासवण्याचा हक्क कोणालाच नाही. आणि ज्याची चूल तिच्यावरच पेटते, त्याचे देणे आधी लागते.

आपल्यापैकी काहीजण खाणीत, वीज केंद्रात कामाला आहेत. त्यांच्या घामाच्या भाकरीला आम्ही दोष देत नाही. पण त्या विजेचा दिवा आपल्या सर्वांच्या घरी जळतो, आणि सांडपाणीही सर्वांच्याच घरातून जाते. जक्कयाने नुसता पश्चात्ताप केला नाही, घेतलेले परत केले. नदी स्वच्छ करा असे म्हणताना, तिच्यावर जगणाऱ्यांना भरपाई द्या, हेही म्हणायला हवे. या आठवड्यात विवेक तपासताना, चोरीचा विचार टोपलीपाशी थांबवू नये.