स्तंभ आणि स्पर्श

उत्तर सीरियात, अलेप्पोच्या वायव्येस सुमारे ३० किलोमीटरांवर, कलात सिमआन या टेकडीवर पाचव्या शतकातील एका विशाल चर्चचे अवशेष आहेत. चार बॅसिलिका, म्हणजे स्तंभरांगांनी विभागलेली लांबट प्रार्थनागृहे, क्रुसाच्या बाहूंप्रमाणे एका अष्टकोनी चौकाला येऊन मिळतात, आणि त्या चौकात आकार हरवलेला एक दगड आहे. संत शिमोन ज्या स्तंभावर सुमारे ३६ वर्षे उघड्यावर राहिले, त्याचा हा उरलेला भाग.

शिमोन यांच्या हयातीतच त्यांचे चरित्र लिहिणारे बिशप थिओडोरेट सांगतात, की त्यांच्या कातडी वस्त्राला हात लावून आशीर्वाद मिळवण्यासाठी लोटणारी गर्दी असह्य झाल्याने त्यांनी स्तंभाचा आश्रय घेतला आणि पुढे तो वेळोवेळी उंच करवून घेतला. तथापि हा लोकसंगाचा त्याग नव्हता. कारण त्याच उंचीवरून ते रोज उपदेश करीत, भांडणे मिटवीत, आणि अरब, आर्मेनियन, इराणी, अगदी गॉलमधून आलेल्यांचेही ऐकून घेत. कोणाच्याही हाती न लागता सर्वांना उपलब्ध राहणे, हाच त्यांच्या तपाचा गाभा मानावा लागतो.

४५९ मध्ये त्यांचे निधन झाल्यावर देह अँटिओकला नेण्यात आला. मागे राहिलेल्या स्तंभाभोवती सम्राट झेनोच्या काळात हे चर्च उभे राहिले, आणि शतकानुशतके यात्रेकरूंनी टवके काढून नेल्याने स्तंभच झिजत गेला. जो स्पर्श संताने टाळला, तो त्याच्या दगडाला भोगावा लागला. यात भाविकांची निव्वळ अंधश्रद्धा पाहणे उथळपणाचे ठरेल, कारण देवाने मानवी देह धारण केला असे मानणाऱ्या धर्माला जड वस्तूतून कृपा लाभते हे नाकारता येत नाही. प्रश्न स्पर्शाचा नसून ताब्याचा आहे. येथे यात्रेकरूंना टेकडीच्या मातीची लहान पदके मिळत. त्यांना ‘युलोगिया’, म्हणजे आशीर्वाद, म्हणत. त्यांच्या एका बाजूस स्तंभावरील संताची आकृती असे, तर मागे अनेकदा घडवणाऱ्याच्या तळहाताच्या रेषा उमटलेल्या दिसतात. पवित्र स्थळाचा अंश घरी नेण्यासाठी मूळ वस्तू फोडावी लागत नाही, हे या साध्या पदकांतून सिद्ध होते, आणि म्हणूनच भक्तीचा हा मार्ग टवका नेणाऱ्या भक्तीपेक्षा श्रेष्ठ मानला पाहिजे.

२०११ मध्ये युनेस्कोने या परिसराला जागतिक वारशाचा दर्जा दिला. २०१६ मध्ये हवाई हल्ल्यात या अवशेषांचे गंभीर नुकसान झाले.